बोथट नाक

अक्कलकोट रोडच्या एमआयडीसीत
जिथं चादरींचे माग होते त्या शेडमध्ये
आता साठ मीटरची पोलादी नळी आडवी पडली आहे.
मागांचे बोल्ट अजून जमिनीत आहेत.
कुणी काढले नाहीत. चप्पल अडकते.

नळीतली हवा आम्ही पंपानं उपसतो,
विमानंही जात नाहीत तिथं असते तेवढीच ठेवतो.
बाहेर एप्रिल. बेचाळीस. पत्रा तडतडतो.
आत वरचं आभाळ, थोडंसं, झडपा बंद करून.

नमुना बोराएवढा. लेथवर चिप्पांनी काढलेला.
अंबादास चिप्पा, एकसष्ट वय, पूर्वी धोटे दुरुस्त करायचे.
पहिल्या वर्षी त्यांनी हौसेनं टोक काढलं होतं,
सुईसारखं. बाण म्हटला की टोक हवंच.
शेवटच्या फोटोत टोक नव्हतं.
दुसऱ्या नमुन्यालाही नव्हतं.

मग बोथट केला.
बोथटापुढं हवा साचते, दाटते,
नखभर अंतरावर तिची कमान उभी राहते
आणि बहुतेक जाळ त्या कमानीवरूनच
बाजूबाजूनं मागं निघून जातो.
चिप्पा बराच वेळ फोटो बघत राहिले.
"आमच्या मंडळींसारखं," म्हणाले.
"समोरून कितीही तापा."

बार उडतो तेव्हा आधी दारू, मग दट्ट्या,
मग दाबून दाबून तापलेला हायड्रोजन,
मग पत्र्याची चकती फाटते.
चार पाकळ्यांची खोळ वाटेत गळून पडते
आणि तो एकटा पुढं, सेकंदाला सहा किलोमीटर.
या हिशेबानं बार्शी बारा सेकंदांवर आहे,
एसटीला दोन तास लागतात, वैरागला चहा धरून.
पण आमच्याकडं बार्शी नाही, साठ मीटर आहेत.
तीन आठवडे तयारी. सेकंदाचा शंभरावा हिस्सा उड्डाण.
पापणी एकदा लवेल तेवढ्यात तीसदा संपलेलं.

आई एकदा डबा द्यायला आली, नेमकी त्याच दिवशी.
तिचे कान मागांनी कधीच नेले.
आम्ही सगळ्यांनी कान झाकले,
तिनं भिंतीवर तळवा टेकवला.
धक्का विरल्यावर थोडी थांबली, दुसऱ्याची वाट बघत.
"एकदाच?"
मी बोटानं खूण केली, एकदाच.
"धोटा परत येत नाही?"
नाही. टोकाच्या टाकीत जातो, चुरा होतो.
"मग कापड कसं होतं?"

मला उत्तर सुचलं नाही म्हणून मी तिला फोटो दाखवले,
अकरा ठिकाणी अकरा ठिणग्यांनी टिपलेल्या सावल्या:
कमान, नाक, मागं निमुळता होत गेलेला धुरकट शेव.
विडी घरकुलातल्या आमच्या दारात
ती लोकांच्या चादरी उजेडावर धरून तपासते,
फूट फूट सरकवत. तसेच तिनं हे सरकवले.
सातव्यावर थांबली.
"पोगु तेगिंदि," म्हणाली. तार तुटलीय.

मी भिंग आणलं. शेवात खरंच
केसाएवढी एक रेघ वेगळी पडली होती.
नाकाचा कण सुटला होता, सातव्या खिडकीशी,
आणि ते माझ्या नजरेतून निसटलं होतं,
मला, जिला त्याचा पगार मिळतो.

चिप्पांनी उरलेला जोडीचा नमुना उन्हात नेला,
नखानं चाचपला. पात्याची एक खूण
गोलाईवर राहून गेली होती, दिसत नव्हती,
नखाला लागत होती.
काही बोलले नाहीत. जुन्या चादरीचा तुकडा घेतला,
पॉलिशचं बोट लावलं, घासत बसले.
त्या तुकड्यावर अर्धा मोर होता.

संध्याकाळी मी टाकी उघडली.
तळाशी करडा भुगा, मुठीतही न भरणारा.
झाडून कागदावर घेतला, वजन केलं, तारीख लिहिली.
आई बाहेर पायरीवर डबा धुऊन बसली होती.
तिच्या प्रश्नाला अजून उत्तर नव्हतं.
गुरुवारी पुन्हा बार आहे, वीज गेली नाही तर.
तिला म्हटलं, ये.
ऐकू गेलं की नाही, कळलं नाही. मग हातानं सांगितलं.