आर्टिफॅक्ट

बेलापूर, सेक्टर पंधरा. बंद पडलेल्या शोरूमच्या
काचेला आतून काळा कागद.
इंदुताई केळुसकरांच्या पिकल्या केसांत
मी एकवीस तारा चिकटवतो,
भांग न मोडता.
"फिट येणाऱ्यांनाच लावतोस ना हे?"
हो म्हणतो. सोळा वर्षं. नेरूळला, तळघरात.

मारवा.
समोरच्या भिंतीवर त्यांच्या डोक्यातली वीज
निळी, मग हळदी,
मग खाडीच्या गाळासारखी जांभळट.
रंग ईशानने ठरवलेत. तारा माझ्या.
षड्ज त्या टाळत राहतात,
उधारी थकलेल्या दुकानासमोरून
माणसं पलीकडच्या फुटपाथने जातात तशा.

आणि एकदम भिंतभर एक लाट उसळते,
छतापर्यंत.
लोक "वा!" म्हणतात.
पुढच्या रांगेतला एक जण हात जोडतो.

मला कळतं, हा धैवत नाही.
पापणी लवली.
दवाखान्यात असल्या लाटेखाली मी
पेन्सिलने लिहितो : दोष. धरू नये.

तारा काढताना, जेल पुसताना
सांगून टाकलं.
त्या हसल्या.
"तुझंच ते चिकट डोळ्यात गेलं रे, तन्वीर.
पण धैवत तेव्हाच लागला.
दोन महिने लागत नव्हता मेला."

सकाळी तळघर. पहिला पेशंट तुर्भ्याचा,
सात वर्षांचा, तारांना हात लावू पाहणारा.
"नॉर्मल आहे ना?" आई विचारते,
पडद्याकडे न बघता.
त्याची पापणी लवते.
मी खिसे चाचपतो,
पेन्सिल सापडत नाही.