बुधवारचा रावस

भांडुपला पुलाच्या तोंडाशी कांचन वैती बसते.
तिच्याकडून रावसाचे चार तुकडे घेतले,
काटा काढून,
आणि काढलेला काटाही वेगळा बांधून.
"तळशील ना?"
"नाही, ओव्हनमध्ये. दाण्याचं कूट लावून."
मोरळीवरचा तिचा हात थांबला.
"कूट? माशाला?
एकादशीचा रावस का गो?"
शेजारणीलाही सांगितलं तिनं, मग तिच्या शेजारणीला.
माझी पाठ वळेपर्यंत अख्खी रांग हसत होती.

हसू दे.
तिच्या घराची खिडकी खाडीकडे उघडते.
माझी उघडते मुलुंडच्या 'श्रीनिधी'च्या डक्टमध्ये,
आणि डक्टला
पाच मजल्यांची नाकं आहेत.

अकरा महिन्यांच्या करारात मासा हा शब्द नाही.
तो किल्ली हातात देताना उच्चारला गेला,
हळू आवाजात, हसतमुखानं.
ओली छत्री बाहेर ठेवून या म्हणावं, तसा.

सहा पन्नास.
पर्स अजून खांद्यावर, आणि तुकड्यांना हळद, मीठ,
आलं-लसूण, अर्धं लिंबू.
दाणे मिक्सरला दोनच झटके.
तिसऱ्या झटक्याला तेल सुटतं
आणि कुटाचा लाडू होतो, हे मागच्या बुधवारी शिकले.
त्यात काजूकणी, कोथिंबीर,
एक हिरवी मिरची, चमचाभर तांदळाचं पीठ.
अंडं फेटायचं. तुकडा त्यात बुडवायचा,
मग भरडीत दाबायचा, तळव्यानं,
लहान मुलाला पावडर लावताना दाबतो
त्याहून थोडं जोरात.

निरंजन डायल फिरवतो. दोनशे.
हा ओव्हन सोसायटीच्या दिवाळी सोडतीत लागलेला.
सेक्रेटरींनी स्वतः हातात दिला होता,
टाळ्यांच्या गजरात,
"केक करा वहिनी, केक."

पंधरा मिनिटं टिकटिक.
कढई नाही, चुरचुर नाही,
तेलाचे थेंब मनगटावर नाहीत.
आई फोनवर म्हणते, मग तो मासा कसला,
आवाज नाही केला तर.
मी कुकर लावते, वरणाला फोडणी देते,
फोडणीनं तरी घर आपलं वाटतं.

बाराव्या मिनिटाला बेल.

निरंजननं टीव्हीचा आवाज वाढवला,
का, ते त्यालाच माहीत.
मी ओव्हनपुढे टॉवेल धरला,
टॉवेलनं वास अडतो अशा थाटात,
आणि मग दार उघडलं.

चौथ्या मजल्यावरची ध्वनी,
एका पायात चप्पल, दुसरी जिन्यात.
"आंटी, चिक्की करताय?
मम्मी म्हणते, खूप मस्त वास येतोय."

मी 'हो' म्हणणार होते.
तोंडात आलंही होतं.
पण मागे वळले,
हात साबणानं दोनदा धुतले,
डब्यातलं वेगळं ठेवलेलं कूट,
अंडं-माशाच्या वाऱ्यालाही न गेलेलं,
वाटीत काढलं, गूळ किसला त्यात,
चिमटीभर वेलची.
"चिक्की नाही गं. चिक्कीच्या अलीकडचं काहीतरी."
वाटी दोन्ही हातांत धरून ती वर गेली,
जिन्यातली चप्पल तिथंच विसरून.

रावस बरा झाला.
वरचं कवच खरपूस, एका बाजूला जरा जास्तच,
आत मासा पांढरा, ओलसर, पापुद्र्यापापुद्र्यानं सुटणारा.
वरणभाताबरोबर खाल्ला,
खिडकी उघडी ठेवून. पहिल्यांदाच.
"शुक्रवारी बांगडा आणू," निरंजन म्हणाला.
म्हटलं, बांगड्याला झाकेल असा दाणा
अजून शेतात उगवलेला नाही.

काटा कागदात, कागद पिशवीत, पिशवी पिशवीत.
सकाळी पुलाखालच्या बोक्याला.

साडेदहा वाजले.
चप्पल मी जिन्याच्या कठड्याला टेकवून ठेवलीय.
वाटी अजून वरच आहे.