दहा यात्रांनी एकदा

सारंगखेड्याच्या यात्रेत आमचा तंबू
जनावरांच्या दवाखान्याला खेटून.
मधे एक कनात. लशींच्या दोन्ही बर्फपेट्या
एकाच बाकड्यावर, खांद्याला खांदा लावून.

सुपडू झिपरू लोहार, राहणार अनरद, नालबंद.
स्वतःच्याच घोडीला नाल ठोकताना ती दचकली :
एक खिळा तिच्या जिव्हारी लागला,
दुसरा याच्या तळहातात.
फडकं गुंडाळून आला आणि माझी रांग सोडून
कनातीपलीकडे वाकला :
“पहिले सरकीले द्या, डाक्टर. पोटशी से.”

“शेवटची सुई कधी?”
तोंडपाठ होतं. मागच्या यात्रेला. त्याच्या मागच्या यात्रेला.
पहिल्या शिंगराला सहाव्या महिन्यात एक, महिन्यानं दुसरी.
विण्याआधी महिनाभर घोडीला द्यायची,
म्हणजे चिकातून पिलाला पोचते.
एकदा पाहिलं होतं त्यानं, दुसऱ्याच्या तबेल्यात :
कान ताठ, शेपूट उचललेली,
चार पाय घडवंचीसारखे रोवलेले,
डोळ्यावर आतून सरकत आलेला पांढरा पडदा.
कुणाच्या हातून घमेलं पडलं
तर अंगभर कळ जायची.
हौदाशी उभी होती दोन दिवस,
पाणी समोर, आणि जबडा उघडेना.

“आणि तुमची?” मी विचारलं.
“मना हात लोखंडना से, बाई. माले काय व्हस?”

मी सांगितलं, लोखंडाचा काही दोष नाही, गंजाचाही नाही.
ते लिदीत असतं, मातीत असतं,
वर्षानुवर्षं गप्प बसतं,
त्याला फक्त एक खोल, बंद जखम लागते.
त्यानं आपल्या पायाखाली पाहिलं.
नदीकाठच्या त्या मैदानात
लिदीवाचून वीतभर जागा नव्हती.

रजिस्टरात रकाना आहे : मागील मात्रेचा दिनांक.
शाळेत सुईवाले आले होते म्हणे एकदा,
हा भिंतीवरून उडी मारून पळाला
तो शाळेत परत गेलाच नाही.

नाव सुपडू का, हे मी विचारलं नाही.
खानदेशात ते विचारावं लागत नाही.
पण जखम धुताना तो आपणच बोलू लागला.
याच्या आधीचे दोन. दोघांची नाळ
बापाच्या खूर तासायच्या सुरीनं कापलेली.
आठव्या दिवशी दूध ओढेनात,
मग पाठीची कमान, मग
बारशाआधीच सगळं आटोपलेलं,
त्यामुळे हाक मारायलाही काही उरलं नाही.
तिसरा हा. याला आईनं सुपात घातलं,
कोंड्यासारखा, टाकाऊ,
जो कुणी न्यायला येतो त्यानं बघून पुढे जावं म्हणून.
तेवढंच होतं तिच्या हाताशी.

“आजच शहाद्याला जा,” मी म्हटलं, “चिठ्ठी देते.
माझी सुई पुढच्यासाठी. या जखमेसाठी
तयार औषध वेगळं, ते तिथे मिळेल.”
कनातीपलीकडून डॉक्टर म्हणाले,
“ते पूर्वी घोड्याच्या रक्तातून काढायचे, सुपडूभाऊ.
घोड्याला टोचायचं, आणि माणूस वाचायचा.”

बराच वेळ तो सरकीकडे बघत राहिला.
“म्हंजे उधारी से आपलावर,” म्हणाला,
आणि बाही वर केली.

तारखा नको म्हणाला, लक्षात राहत नाहीत.
म्हणून कार्डावर लिहिलं :
आज.
पौषाची पुनव.
पुढची यात्रा.
“सरकीची दर यात्रेला. तुमची यानंतर
दहा यात्रांनी एकदा. मधे असा खिळा घुसला
तर विचारायला यायचं, पळायचं नाही.”

दहा यात्रा बांधलेल्या हाताच्या बोटांवर मोजता येईनात.
दुसऱ्या हातावर मोजल्या, दोन फेऱ्यांत.
मग माझं कार्ड
सरकीच्या कार्डाच्या घडीत सारलं.
तिचं कधी हरवत नाही म्हणाला.