उभं राहून काढलेला फोटो

झोपवून काढलेल्या फोटोत काहीच निघालं नाही.
हाडं शहाण्यासारखी एकमेकांवर,
मधे बारीक काळी फट.
औशाच्या डॉक्टरांनी गोळ्या दिल्या, क्रेप बँडेज दिलं,
म्हणाले, मुरगळलाय, बसेल.

मुरगळला होता खरा.
कितव्यांदा, ते मोजणं मी सोडलं होतं.
पहिल्यांदा बारावीला, खो मिळाल्यावर
खांबाकडे झेपावताना.
मग एसटीतून उतरताना. मग हरभऱ्याच्या ढेकळांत.
मग काहीच नसताना,
शाळेच्या सपाट व्हरांड्यात, हातात हजेरी.
दर वेळी पाऊल आत वळायचं
आणि बाहेरच्या अंगाला जुन्या लुगड्यासारखं
काहीतरी टर्रकन जायचं.
"नीट चाल की," आई म्हणायची.

लातूरच्या बाईंनी मात्र उभं केलं,
लाकडी पाटावर,
दोन्ही पायांवर सारखा भार देऊन.
"आता हलू नका."
तेव्हा कुठे दिसलं.
नडगी सरळ खाली आलेली, टाच आत कललेली,
घोट्याचं हाड तिरपं होऊन
आतल्या कोपऱ्यावर रेललेलं.
तिथली काळी फट नाहीच.
हाडावर हाड.
बाहेरच्या बाजूला मात्र फट उघडी,
दार फुगल्यावर चौकटीत राहते तशी.

"वय?"
"एकोणचाळीस."
"घोटा पासष्टचा आहे," त्या म्हणाल्या,
आणि लगेच, "सॉरी."

बाबा बाहेर बाकावर होते.
निवृत्ती मिस्त्री.
भूकंपानंतर पाच वर्षं पुनर्वसनाच्या भिंती उचलल्या त्यांनी.
लोकांच्या खिशात तंबाखू, यांच्या खिशात ओळंबा.
सुतळी सोडायची, एक डोळा मिटायचा:
"दोन सूत भायेर. पाडा."
घरधनी हात जोडायचा, तरी पाडा.
कललेली भिंत काय करते
ते एका पहाटे त्यांनी हातांनी उपसलं होतं.
त्याबद्दल ते बोलत नाहीत.

फोटो खिडकीच्या उजेडाला धरला त्यांनी, बराच वेळ.
अंगठ्याच्या नखानं नडगीवरून सरळ रेघ ओढली.
रेघ टाचेच्या बाहेर पडली.
"तुझ्या चपला तर म्याच शिवून आणायचो,"
म्हणाले, "दरसाली एकाच कडेला."
पुढचं बोलले नाहीत.
मी म्हटलं, भिंत जागेवर उभी असते, बाबा,
मी पळत होते.

झिजलेली कूर्चा परत येत नाही, बाईंनी सांगितलं.
पुढे कधी हाड कापून सरळ करावं लागेल,
कदाचित नाहीही लागणार.
तूर्त बुटात पाचर, बाहेरच्या कडेनं.
पाचर म्हटल्यावर बाबांनी पहिल्यांदा वर बघितलं.
गंजगोलाईत चप्पल शिवणाऱ्याच्या शेजारी उकिडवं बसून
रापी मागून घेतली, रबर स्वतः तासलं,
भर बाजारात मला चारदा उभं केलं.
"अजून एक सूत."
"मामा, दुकान तुमीच चालवा आता," तो म्हणाला.

थंडीत ठणकतं अजून.
जिना उतरताना आधी कठडा, मग पाय.

परवा मैदानावर फक्कीनं रेघा मारत होते,
सहावीतली तमन्ना पळता पळता पडली.
महिन्यात तिसऱ्यांदा. पोरी हसल्या.
तिची चप्पल उचलून पाहिली:
आतल्या कडेला नक्षी अजून कोरी,
बाहेरची कड कागदासारखी.

"पाठमोरी उभी राहा. दोन्ही पायांवर सारखी."
"काय झालं, मॅडम?"
"काही नाही."
पर्समध्ये किल्ल्यांसोबत पितळी ओळंबा असतो हल्ली.
गुडघ्यामागून दोरा सोडला.
गार पितळ पोटरीला लागलं तशी ती खुदकन हसली,
ओळंबा झुलायला लागला,
आणि मी खाली, मातीत गुडघा टेकून,
तो थांबायची वाट बघत.