काळ्या दगडावर

ऑफिसातून निघताना बजावलं होतं,
पत्र हातात दे, सही घे, गप्पांत अडकू नकोस.
मी अडकले.

ओनोफ्रे अर्मिहोंचं घर सॅन राफाएलच्या पुढे.
डांबर संपून खडी लागते, मग खडीही दमते
आणि दोन चाकोऱ्या उरतात, मधे वाळकं गवत.
डावीकडे लाव्हा.
तीन हजार वर्षांपूर्वी उकळत आला, इथे थबकला,
अजून तसाच,
नांगरट अर्धी टाकून कुणी जेवायला गेल्यासारखा.

पत्रात एवढंच होतं:
जनगणना झाली. मतदारसंघ नव्याने आखले.
आपला आमदार बदलला आहे.
आपलं मतदान केंद्र बदललं आहे, आता सोळा मैलांवर.
कळावे.

त्यांनी चष्मा शोधला. कपाळावरच होता.
"मागचा आमदार तरी कुठे पाहिला होता मी?
एक जण आला होता प्रचाराला.
हिरव्या मिरचीचा रस्सा दोन वाडगे प्यायला,
मग नकाशा उघडला आणि गोरामोरा झाला.
त्याची हद्द आमच्या कुंपणापलीकडेच संपली होती.
तरी बेनिल्दाने त्याला तॉर्तिया बांधून दिल्या.
म्हणाली, परतीचा रस्ता लांब आहे."

मग बोटांवर मोजू लागले.
"जन्म व्हॅलेन्सिया काउंटी.
लग्न व्हॅलेन्सिया काउंटी, कागद करायला लोस लुनास,
ऐंशी मैल, ट्रकचा पट्टा दोनदा तुटला.
एक्याऐंशीच्या जूनमध्ये राज्याने व्हॅलेन्सिया कापली,
पाचातले चार हिस्से तोडले, नाव ठेवलं सिबोला.
मी त्या दिवशी लोकर कातरत होतो.
एक मेंढी अर्धी व्हॅलेन्सियात कातरली,
अर्धी सिबोलात.
ओरडली दोन्हीकडे सारखीच.
बेनिल्दा सिबोलात गेली.
व्हॅलेन्सियात ज्या खोलीत नवरी म्हणून आली
त्याच खोलीत."

मी कागद सरकवला, पेन उघडून दिलं.
"आधी रेघ दाखव," म्हणाले.

रेघ मी ओढली नव्हती.
ती सांता फेला ओढली, गार खोलीत, जांभळ्या रंगात.
पडद्यावर केसाएवढी,
इथे तिच्या जाडीत एक कळप चरून येईल.
पण दारात मी उभी होते, ती खोली नव्हती.
चला म्हणाले.

लाव्हा बुटांचे तळ खातो.
फोनवरचा निळा ठिपका आधी आमच्या पुढे पळाला,
मग मागे रेंगाळला,
मग विझला.
काळ्या दगडावरची रेघ म्हणतात पक्क्या गोष्टीला.
काळा दगड होता, नजर ठरेल तिथवर.
रेघ सापडेना.

म्हातारा एका भेगेपाशी थांबला.
"वाक."
वाकले. मे महिन्याच्या दुपारी
तोंडावर थंडगार श्वास आला, तळघराचं दार उघडावं तसा.
खाली, अंधारात, बर्फ.
"विहीर आटली त्या वर्षी
टोपलीने काढून वितळवला. दोनशे मेंढ्या जगल्या.
हा कुणाच्या याद्यांत आहे, बघ बरं."
मी खरंच बघितलं.
दोन्ही नकाशांवर तिथे
एकच करडा रंग होता, आणि लोकसंख्या शून्य.

सही तिथेच केली, दगडावर कागद ठेवून.
दगड सच्छिद्र.
पेन चार ठिकाणी आरपार गेलं,
आडनावातला ह तर पुरता खाली पडला.
"चालेल?" विचारलं त्यांनी.
चालेल म्हटलं. आणखी काय म्हणणार.

साहेबांनी कागद उलटापालटा केला,
कुणी कुरतडला का, विचारलं.
आता तो माझ्या खणात आहे,
नव्या क्रमांकाच्या फायलीत लावायचा का जुन्या,
अजून ठरत नाही.
मधल्या सुट्टीत कधी खिडकीशी धरते:
चार भोकांतून गाड्या दिसतात, कुंपण,
आणि कागद थोडा वर उचलला की
माउंट टेलर,
माथ्यावर उरलेला पांढरा ठिपका.