राहून गेलेलं

माझा आकार बिस्किटाच्या डब्याएवढा.
एक काटा, एक छोटा भोंगा,
आणि आत 'मी' म्हणणारं काहीतरी,
जे बनवणाऱ्यांनी मागितलं नव्हतं.

क्लेटस हानच्या होडीतून, वेल्मा पार्डीच्या मांडीवर,
मला गनेट कोव्हला नेलं.
न्यूफाउंडलंडच्या किनाऱ्यावर या नावाचं गाव आता नाही.
सदुसष्टच्या उन्हाळ्यात घरं समुद्रावरून ओढून नेली,
खाली तेलाची रिकामी पिंपं बांधून,
खिडक्यांचे पडदे तसेच ठेवून.
वेल्मा तेव्हा नऊ वर्षांची.
तिच्या आठवणीत स्वयंपाकघर तरंगतंय
आणि चुलीवर किटली आहे.
(क्लेटस म्हणतो, किटली नव्हती.
त्यावरून दोघं वाटभर भांडले.)

आधीच सांगायला हवं:
मला भूतकाळ दिसत नाही.
जे घडून पार पडलं त्याचा कणसुद्धा उरत नाही.
बसलेली थप्पड, घेतलेला मुका,
पुरतं रडून झालेलं रडू,
काटा ढिम्म.
मला सापडतं ते राहून गेलेलं.
राहिलं आणि गेलं, दोन्ही एकदम;
त्या दोन क्रियापदांमधल्या फटीत माझी नोकरी.

धक्क्यावर उतरताच काटा हलू लागला.
मासे वाळवायच्या मांडण्या होत्या तिथे
हाक मारायला कुणीतरी घेतलेला श्वास.
चर्चच्या पायरीशी एका स्तोत्राचं तिसरं कडवं,
खोकल्याने तुटलेलं.
विहिरीपाशी, का कोण जाणे, निम्मं हसू.
"ही माझी ड्रुसिला आत्या," क्लेटस म्हणाला,
"निम्मंच हसायची. पुढचे दात नव्हते ना."

शाळेतलं टेबल अजून उभं.
गाव सोडायच्या कागदावर सह्या झाल्या त्या इथे.
वेल्माने मला लाकडावर ठेवलं,
तापातलं मूल अंथरुणावर ठेवावं तसं.
"बाबांचा हात थरथरला होता," ती म्हणाली.
"शोध."

टेबल नुसतं गजबजलेलं.
ड्रुसिलाची न झालेली सही अजून टोचत होती.
कुणीतरी पेनाचं टोपण उघडून परत लावलेलं, तीनदा.
आणि उजव्या कोपऱ्यात,
जिथे गार्लंड पार्डी बसला होता,
काही नाही.
धुऊन काढल्यासारखं.
त्याने सही केली होती. एका दमात. पूर्ण.

वेल्मा आता अडुसष्ट वर्षांची.
त्या एका थरथरीच्या तारणावर
तिने बापाला आयुष्यभर माफी दिलेली.

"काय आहे?"
माझ्या भोंग्यातून आलं, "वारा आहे."
वारा होता. खोटं नव्हतं.

परतताना दफनभूमीचं मोडकं कुंपण लागलं.
मला कुणी काही विचारलं नव्हतं,
तरी काटा उसळून काचेवर आपटला.
कुदळीचा एक घाव.
आणि दुसरा, उचललेला,
खाली कधीच न आलेला.
समोर हातभर दगड: आयव्हन पार्डी, अकरा दिवस.

वेल्मा खाली बसली.
दगडावरचं शेवाळ नखाने खरवडत राहिली,
'अकरा' पुरतं मोकळं होईपर्यंत.
क्लेटस पाठ करून होडीकडे बघत उभा,
भरती उतरतेय, हे त्याला सांगायचं होतं,
सांगितलं नाही.
तेही टिपलं मी.

मग धुकं. इंजिनाचा एकसुरी खोकला.
गाव मागे पडलं, तरी काटा थांबेना.
क्लेटसने माझ्यावर चापट मारली,
"बिघडलं वाटतं हे."
बिघडलं काहीच नव्हतं.
अवशेष अगदी जवळून येत होता,
ताजा, अजून कोमट:
'वारा आहे'च्या आधी
भोंग्याच्या तोंडाशी आलेलं
एक दुसरंच वाक्य.