कोडा

पंचावन्न दिवसांचा उपास सुटला
की अदिस अबाबाच्या अंगणाअंगणातून
एकेक मेंढा कमी व्हायचा,
आणि दुसऱ्या दिवशी मी गोणपाट घेऊन निघायचो.
कोडाऽ, कोडाऽ!
आमच्यात कातड्याला कोडा म्हणतात.
हाक ऐकली की बाया दारात यायच्या
दोन बोटांत ओलं कातडं धरून,
भांडायच्या तयारीनं.

अत्सेदेबाईंचा आवाज तर कोपऱ्यापर्यंत यायचा:
"दीडशे बिर्र. नाहीतर मागच्या गल्लीतला एकशे साठ देतोय."
मागच्या गल्लीत कुणी नसायचं, दोघांनाही ठाऊक.
मी कातडं उजेडाला धरायचो,
खाटकाच्या सुरीची निसटलेली रेघ शोधायचो,
आणि पुरळ, ज्याला एकेक म्हणतात, ती मेंढीची खरूज;
नावाप्रमाणं ती एकेक बिर्र उतरवत जाते.
शेवटी एकशे दहा.
बाई म्हणायच्या, लुबाडलंस.
मी म्हणायचो, बुडालो.
मग त्या कॉफी द्यायच्या.

भाव मर्कातोत ठरतो असं मला वाटायचं.
मर्कातोत हाजी नुरेदिनना वाटायचं, मोजोत ठरतो.
मोजोच्या कारखान्यात विचारलं तर साहेबानं
खिडकीबाहेर बोट केलं, जिबुतीच्या रस्त्याकडं.
तिथं नुसते ट्रक होते.

मोजोत कातडं कमावतात.
मोठाले लाकडी ढोल, आत पाणी, चुना, रसायन;
पूर्वी रात्रंदिवस फिरायचे.
रसायन डॉलरनं येतं, डॉलर बँकेत असतो,
आणि बँकेच्या दाराशी रांग.
मी गेलो तेव्हा एका ढोलात
चौकीदारानं कोंबड्या ठेवल्या होत्या.

शंभराचे साठ झाले. साठाचे पंचवीस.
एका वर्षी दहा;
त्या वर्षी मिठाचा किलो कातड्याच्या पुढं गेला
आणि तेव्हापासून मागं वळून पाहिलेलं नाही.
भाव पडतो म्हणतात,
पण पडलेलं काहीतरी उचलता येतं.

यंदा गल्लीत हाक घातली.
दारं उघडली नाहीत.
गटाराच्या कडेला तीन कातडी, चौथं कुत्र्यानं ओढत नेलेलं,
पांढरी लोकर धुळीत उलटी.
अत्सेदेबाई दारात आल्या, केस पिकलेले.
कातडं प्लास्टिकच्या पिशवीत, गाठ मारून.
मी म्हटलं, बाई, किती?
त्या म्हणाल्या, तूच सांग.
पिशवीवर पन्नासची नोट ठेवली.
"लांब कुठंतरी टाक. वास येतो."

तेवीस वर्षांत बाईंनी मला पहिल्यांदा पैसे दिले.
घासाघीस झाली नाही.
कॉफीही नाही.

कोपऱ्यावर येऊन पिशवी सोडली.
डोंगरावरची मेंढी, देब्रे बिर्हानकडची असावी,
थंडीत वाढलेल्या कातड्याला वेगळाच गाभा असतो.
अंगठा फिरवला.
मानेपासून शेपटीपर्यंत
रेघ नाही, पुरळ नाही, भोक नाही.
पहिली प्रत.
हे माझ्या अंगठ्यानं म्हटलं, मी नाही.

पन्नासचं मीठ आणलं.
गोदामाच्या फरशीवर कातडं पसरून
हातानं चोळत गेलो, कडांना जास्त,
मानेच्या वळ्यांत दाबून.
हाजी नुरेदिन हिशेबाच्या वहीतून वर न पाहता म्हणाले,
"कुणासाठी रे?"

माझ्या मुलीच्या पायात रेक्झिनचे बूट आहेत,
आतल्या बाजूला शिक्का: अस्सल चामडं.
दुसऱ्या महिन्यात सालं निघायला लागली.
ती नखानं ती सोलत बसते, वर्गात, कंटाळा आला की.

मी घडी घातली. लोकर बाहेर.
खडूनं तारीख लिहिली, प्रत लिहिली,
भावाची जागा सोडली
आणि हात धुतले. मीठ
नखाच्या कडेला, जिथं कातडं फाटलं होतं,
रात्रभर झोंबत राहिलं.